मिस प्रमिला काही मरेना

परवा तालमीत एक पोट्टी माझ्यासमोर येऊन उभी राहिली. केसांत पावडर, पाठीला पोक, हातात काठी. वय पंचविशीच्या अलीकडेच. म्हणाली, "मास्तर, मी आई करून राह्यली. पाहा ना, बरोबर दिसते काय?" आणि दर वाक्याच्या आधी खोकायला लागली. मी म्हटलं, "पोरी, आई म्हंजे दमा नसते." तिला काही समजलं नाही, ती अजून जोरात खोकली. आमचे मालक दिवाकरभाऊ बाजूला खुर्ची टाकून चहा पीत होते. त्यांना विचारलं, "भाऊ, आईच्या कामाले आईच्या वयाची बाई नाई भेटली काय?" तर म्हणतात, "मास्तर, पब्लिकले फ्रेश चेहरा पाह्यजे." घ्या! आता आईसुद्धा फ्रेश पाहिजे. मला प्रमिलाबाई आठवल्या आणि डोकं दुखायला लागलं. प्रमिलाबाईंची आठवण आणि डोकेदुखी, माझ्याकडे दोघी नेहमी जोडीनेच येतात.

माहीत नसेल त्यांच्यासाठी सांगतो. धान कापून झालं की चंद्रपूरकडच्या आमच्या झाडीपट्टीत नाटकांचे दिवस लागतात. दिवाळीपासून होळीपर्यंत गावोगाव मंडई म्हणजे जत्रा भरते, शंकरपट होतात, दिवसा बैल पळतात आणि रात्री नाटक. लेकी-जावई येतात, सोयरिकी जुळतात. कंपन्या सगळ्या वडसा गावात. त्यातल्या एका कंपनीत मी प्रॉम्प्टर. स्टेजच्या पुढे एक खड्डा खणतात, त्यात पेटीवाला, तबलेवाला आणि वही घेतलेला मी. एका हंगामात नट मंडळी इतक्या नाटकांतून कामं करतात की पाठांतर कोणाचंच नसतं. मी खालून वाक्य टाकायचं, ज्याचं असेल त्याने वर उचलायचं. वाक्य कोणाचं ते मी सांगत नाही, ते ज्याचं त्याला कळलं पाहिजे. म्हणून, शाळेत मी कधी शिकवलं नसलं तरी, सगळे मला मास्तर म्हणतात.

तर प्रमिलाबाई. पोस्टरवर 'मिस प्रमिला'. नातू कॉलेजात गेला तरी मिस. एकदा पोस्टर छापायला जाताना मी म्हटलं, "बाई, आता तरी ते मिस काढू का?" त्यांनी माझ्याकडे असं पाहिलं, जणू मी त्यांचं कुंकूच पुसायला निघालो होतो. म्हणाल्या, "मास्तर, वय आधार कार्डावर राह्यते, पोस्टरवर नाई." फोटोही तोच जुना, दोन वेण्या आणि गालावर बोट. छापखानेवाल्याचे डोळे पांढरे व्हायचे. तो विचारायचा, ही नात आहे का त्यांची? मी म्हणायचो, छाप बाबा, मुकाट्यानं छाप.

गाडीत ड्रायव्हरच्या बाजूची सीट हिरोइनची. असा काही कायदा नाही, पण कंपनीची रीत आहे. बाकीच्यांनी मागे पेट्या, पडदे, तबले यांच्यात अंग आखडून बसायचं. प्रमिलाबाईंना हिरोइनचं काम मिळणं बंद झालं, पण सीट काही त्यांनी सोडली नाही. गाडी निघायच्या कितीतरी आधी येऊन बसायच्या, मांडीवर पत्र्याची पेटी, पेटीत स्वतःचा आरसा, कारण कंपनीच्या आरशात म्हणे तोंड सुजल्यासारखं दिसतं. नागपूरहून आलेली नवी हिरोइन बिचारी दरवाजा उघडायची, आत बाई पाहायची आणि मागे जायची. ती पोरगी मला सांगायची, मालकही मलाच सांगायचे, "मास्तर, तुम्ही समजावा ना बाईले." मी काय समजावू? एकदा धीर करून म्हटलं तर मला म्हणाल्या, "माह्या गुडघ्यात त्रास हाय." गुडघ्यात त्रास! आणि लावणी लागली की विंगेत त्याच गुडघ्यांवर ठेका धरायच्या. मी स्वतःच्या डोळ्यांनी पाहिलं आहे.

त्यांचा मुलगा चंद्रपूरला नोकरीला. सरळ माणूस. तोही फोन मलाच करायचा. "मास्तर, आईले सांगा ना घरी यायले. सून हाय, नातू हाय, कूलर हाय, काय कमी हाय तिले?" मी निरोप पोचवला की बाई म्हणायच्या, "त्याच्या घरी समदे मले पाहातेत जी, पण चेहऱ्याकडं कोनी पाहात नाई. औषध घेतलं काय पाहातेत, जेवली काय पाहातेत." मग लगेच, "तुमी तं माह्याकडं पाहातच नाई, तुमचं डोस्कं वहीत." हे असं. सांत्वन करायला जावं तर आपल्यावरच उलटायचं.

आमचा हिरो बबनराव. बाईंपेक्षा वयाने मोठा, हे साऱ्या वडशाला माहीत आहे. एकेकाळी दोघांची जोडी लागली की लोक ट्रॅक्टर भरभरून यायचे. बाईंना हिरोइन द्यायचं बंद झालं, बबनराव मात्र अजून कॉलेजात जातो. मिशीला कलप, पोटाला पट्टा, हातात दोन पुस्तकं, आणि एन्ट्रीलाच ओरडतो, "आई, मी पास झालो!" ही आई करायची प्रमिलाबाईंनी. पहिल्यांदा मालकांनी ते सांगितलं तेव्हा मी समोरच होतो.

"याची माय? मी?" बाई म्हणाल्या. "याची माय कराची तं मी नव्वदची पाह्यजे. मंग मले खाटेवरच आना स्टेजवर."

बबनराव मिशीतल्या मिशीत हसला. दिवाकरभाऊ म्हणाले, "बाई, नाटकात असं वय पाहात नाईत."

"त्याचं नाई पाहात," बाई म्हणाल्या, "माह्यं पाहाता."

पण आमच्याकडे एक हंगाम पोस्टरवर नाव नाही आलं की पुढच्या हंगामाला माणसाला कोणी ओळखत नाही, हे बाईंना पक्कं ठाऊक होतं. स्टेज सुटलं की संपलं. म्हणून त्यांनी आईचं काम घेतलं, आणि तेव्हापासून माझ्या डोक्याला जो ताप सुरू झाला तो झालाच.

आई म्हणून आल्या त्या काळ्याभोर केसांत अबोलीचा गजरा घालून. दिग्दर्शक म्हणाला, विधवा आई आहे, पांढरं लुगडं पाहिजे. बाई म्हणाल्या, "नवरा मेला, मी नाई मेली." शेवटी फिकट आकाशी रंगावर तोड निघाली. गजरा पहिल्या अंकात काढतील असं ठरलं, तो तिसऱ्या अंकापर्यंत राहिला. मी खड्ड्यातून गजऱ्याकडे बोट दाखवून दाखवून थकलो. बाईंना वाटलं, गजरा छान दिसतो असं मी म्हणतोय, त्यांनी गजरा अजून थोडा पुढे ओढला.

आणि त्यांचं ते मरण! नाटकात आई तिसऱ्या अंकात मरते. वहीत एवढंच लिहिलेलं, 'बाळा, सुखी राहा,' आणि मान टाकते. प्रमिलाबाई मान टाकायच्या, बबनराव हंबरडा फोडायचा, आणि बाई मान परत उचलायच्या. "बाळा... तुळशीला पाणी घाल." मान टाकली. पेटीवाल्याने करुण सूर धरला. मान वर. "बाळा... धाकट्या बहिणीचं लगीन करून दे." वहीत धाकटी बहीणच नव्हती! मी खालून दात ओठ खात म्हणायचो, "मरा आता, बाई, मरा." त्या मला ऐकू जाईल असं पुटपुटायच्या, "थांबा जी, बाया रडून राह्यल्या." आणि खरंच, पुढे बसलेल्या बाया पदराने डोळे पुसत असायच्या. पेटीवाल्याचे हात दुखून यायचे, पुढचा प्रवेश रेंगाळायचा, मालक विंगेत पाय आपटायचे. दुसऱ्या दिवशी भांडण, बाई कबूल व्हायच्या की यापुढे एका वाक्यात मरेन, आणि पुढच्या गावाला तुळशीच्या जोडीला गायही यायची. वैताग होता नुसता. पण खरं सांगायचं तर त्या मेल्यावर नाटकात काही उरायचं नाही, हेही मला दिसत होतं. मालकांनाही दिसत असावं, म्हणून इतके दिवस त्यांनी चालवून घेतलं.

मग सिंदेवाहीकडच्या एका गावात तो प्रकार झाला.

प्रवेश प्रेमाचा. पुढे बबनराव आणि नागपूरची हिरोइन. मागे देवघरापाशी प्रमिलाबाई आरतीचं ताट घेऊन उभ्या, त्यांचं वाक्य बरंच नंतर. मी वाक्य टाकलं, "राजेश, तुमच्या मिठीत मरण आलं तरी मी हसत जाईन." हिरोइन गप्प. पोरगी नवी, समोर हजारो लोक, तिची वाचाच बसली. मी परत टाकलं. गप्प. तिसऱ्यांदा मी असा ओरडलो की मागच्या शेतातल्या बैलांनीही उचललं असतं. बैलांनी नाही उचललं, प्रमिलाबाईंनी उचललं.

हे नाटक जुनं. त्यात बाईंनी तरुणपणी हिरोइनचंच काम केलेलं, याच बबनरावबरोबर. वाक्य कानावर पडलं आणि बाईंनी ताट खाली ठेवलं. झपझप पुढे आल्या, बबनरावचा हात धरला, चेहरा दिव्याकडे केला आणि म्हणाल्या, "राजेश, तुमच्या मिठीत मरण आलं तरी मी हसत जाईन." काय आवाज लागला होता! आणि त्याहून कहर म्हणजे बबनरावनेही सवयीने त्यांच्या डोळ्यांत पाहून पुढचं वाक्य म्हटलं, "तुझ्याशिवाय या राजेशला आहेच कोण?"

आई आणि मुलगा!

मग जो हशा उठला, तो थांबेना. पोट्टे जागेवरून उठून शिट्ट्या मारायला लागले. मोबाईल वर झाले. बाईंना कळलं तेव्हा त्यांनी बबनरावचा हात सोडला, ताट उचललं आणि देवघरापाशी जाऊन उभ्या राहिल्या. त्यांचं वाक्य आलं तेव्हा त्यांनी ते बरोबर म्हटलं. पण तेवढ्यात कोणीतरी ओरडलं, "आई, मिठी मारा ना!" आणि परत तेच.

तो व्हिडीओ सगळ्या गावांत आमच्या आधी पोचायचा. मंडई कुठलीही असो, बाई स्टेजवर आल्या की "आई, मिठी!" दोन-तीन गावं अशी गेल्यावर दिवाकरभाऊंनी त्यांना घरी बसायला सांगितलं. म्हणाले, "बाई, आता तुमाले पाहून लोकं रडत नाईत, हसतेत."

मला राहवलं नाही. मी विचारलं, "आणि बबनराव? तोही बोललाच की."

"मास्तर, तो हिरो हाय," मालक म्हणाले. जसं काही त्यात सगळं आलं.

मला इतका राग आला की मी वही आपटली. बबनराव तिथेच उभा होता, कंगव्याने मिशी सारखी करत. आणि बाईंनी काय करावं? त्या माझ्यावर उलटल्या! "तुमी थे वाक्य माह्याकडं पाहून काऊन टाकलं?" मी म्हटलं, "मी कुठी पाह्यलं तुमच्याकडं? माह्यं डोस्कं वहीत होतं, तुमीच तं म्हनता." त्यांनी तोंड फिरवलं आणि रडायला लागल्या. नाटकातलं रडणं नव्हतं ते. नाक वाहत होतं, आवाज येत नव्हता. नाटकात त्या नाक कधी वाहू द्यायच्या नाहीत.

परत निघालो तेव्हा बाई पेटी घेऊन गाडीच्या मागे चढल्या आणि पडद्यांच्या गठ्ठ्यावर बसल्या. पुढची सीट रिकामी. नागपूरच्या पोरीला मालक म्हणाले, बस पुढे. ती नाही बसली. म्हणाली, "मले मागंच बरं वाटते." वडशापर्यंत ड्रायव्हरच्या बाजूची सीट तशीच रिकामी आली. इतकी वर्षं त्या सीटपायी मी बाईंवर चिडलो, आणि त्या दिवशी वाटत होतं की उठून बाईंना खांद्याला धरून पुढे बसवावं. पण तसं म्हटलं असतं तर भांडल्या असत्या.

पुढच्या हंगामाआधी त्यांनी माझ्या घराचा उंबरा झिजवला. सकाळी चहाला हजर. "मास्तर, नवीन नाटकात काय हाय?" शेजारीण आहे का, मोलकरीण आहे का, सरपंचाची बायको आहे का. मी मालकांकडे रदबदली करून करून कंटाळलो. त्यातच माझ्या डोळ्यांत मोतीबिंदू निघाला. दिवाकरभाऊंना वाटलं, एका दगडात दोन पक्षी. बाईंना म्हणाले, "तुमी प्रॉम्प्टिंग करा. समदी नाटकं तोंडपाठ हायेत तुमाले. खड्ड्यात बसा, आरामशीर." माझ्यासमोर, माझ्याच खड्ड्याबद्दल!

बाईंनी विचारसुद्धा केला नाही. "लोकाईनं मले आयकाचं नाई, पाहाचं हाय," म्हणाल्या. "खड्ड्यात मास्तरच बरे."

हे माझ्यावरचे उपकार होते की अपमान, ते मला अजून ठरवता आलेलं नाही.

मालक वैतागले. चिडून म्हणाले, "मंग एकच रोल उरला हाय. पयल्या अंकात हिरोच्या मायचं प्रेत येते. आमी गाठोडं बांधून आननार होतो. करता?" बाईंना कटवायला म्हणाले होते, तालमीतली पोरं हसलीसुद्धा.

"करन," बाई म्हणाल्या. "चेहरा उघडा राहीन ना?"

झालं! प्रेताचं काम मिळालं आणि त्यावरही महिनाभर माझा जीव खाल्ला. प्रेताची एन्ट्री डावीकडून की उजवीकडून. नाकात कापूस घालायचा नाही, चेहरा बिघडतो. ओठाला लाली पाहिजे. मी म्हटलं, "बाई, मेलेल्या माणसाले लाली?" तर म्हणाल्या, "सवाष्ण मेली असन." म्हटलं, "नाटकात विधवा हाय." म्हणाल्या, "मंग तुमी सवाष्ण लिवा ना वहीत, तुमच्या हातात हाय ना पेन." आणि पोस्टरवर नाव पाहिजेच. शेवटी मालकांनी कपाळावर हात मारून सगळ्यात खाली, साउंडवाल्याच्याही खाली, बारक्या अक्षरात छापलं, 'आणि मिस प्रमिला'. फोटो नाही. बाईंनी ते पोस्टर घडी करून पेटीत ठेवलं.

पहिला प्रयोग एटापल्लीकडच्या एका आडगावात होता. नंतर त्यांच्या गुडघ्याचं ऑपरेशन झालं, मुलगा त्यांना चंद्रपूरला घेऊन गेला आणि त्या स्टेजवर परत आल्या नाहीत. म्हणजे गुडघ्यात खरंच त्रास होता. तर मी त्यांना स्टेजवर पाहिलं ते त्या गावात शेवटचं.

पडदा उघडला. चौघांनी तिरडी आणून मधोमध ठेवली, माझ्यापासून हातभर अंतरावर. पांढरी चादर, वर फुलं, आणि चेहरा उघडा, लाली लावलेला. बबनराव गुडघ्यांवर बसून "आई!" म्हणून ओरडला. मी पुढचं वाक्य टाकणार, तेवढ्यात बायांच्या बाजूने एक म्हातारी उभी राहिली. हातातला कंदील वर धरून निरखून पाहिलं आणि ओरडली, "अवो माय! हे तं आपली प्रमिला हाय वो!"

"कोन, प्रमिला?"

"थेच! पोस्टरवर नाव नाई काय! माह्या लग्नाच्या साली आली होती ना इथी, हिरोइन होऊन!"

म्हाताऱ्या बाया एकामागून एक उठायला लागल्या. धोतरवाले म्हातारे उठले. कोणीतरी टाळी वाजवली आणि मग सगळा बायांचा घोळका टाळ्या वाजवायला लागला. प्रेताला टाळ्या! एवढ्या वर्षांत मी असं पाहिलं नव्हतं. बबनराव रडायचं विसरून लोकांकडे पाहत राहिला, कोणाचं त्याच्याकडे लक्ष नव्हतं.

आणि प्रेत हललं. पांढऱ्या चादरीतून दोन हात बाहेर आले, बांगड्या कोपराकडे घसरल्या, आणि हात जोडून नमस्कार झाला. डोळे मिटलेलेच.

विंगेत मालकांनी डोकं धरलं. मी खड्ड्यातून मान वर काढून फिस्कारलो, "बाई, मेल्या आहात तुम्ही! हात खाली घ्या, हात!"

डोळे न उघडता, ओठसुद्धा न हलवता बाई म्हणाल्या, "मी मेली असन मास्तर, लोकं तं जित्ते हायेत ना?"

टाळ्या थांबेपर्यंत त्यांनी हात खाली घेतले नाहीत. माझ्या वहीत यावर वाक्य नव्हतं, म्हणून मी वही मिटून बसून राहिलो.